मामा, दरखास्त काढून घेऊ नका

परवा रात्री साडेदहाला मामांचा फोन. "दरखास्त काढून घ्यावी म्हणतो. अवमान याचिका टाकली की तीस दिवसांत मावेजा जमा, नाहीतर कलेक्टर आत, असं आलंय ग्रुपवर." (दरखास्त म्हणजे कोर्टाने मंजूर केलेले पैसे वसूल करण्याचा अर्ज, मावेजा म्हणजे जमिनीचा मोबदला आणि अवमान याचिका म्हणजे कोर्टाचा हुकूम मोडल्याची तक्रार.) मग त्यांनी तो मजकूरच पाठवला. वर तराजूचं चित्र, खाली पाच मुद्दे आणि शेवटी 'सुप्रीम कोर्टाचा निकाल'. कोणता, कधीचा, काही पत्ता नाही.

मामांची साडेतीन एकर पाझर तलावात गेली. दिवाणी कोर्टाने वाढीव मावेजा मंजूर केला, त्याला अकरा वर्षं होऊन गेली. पैसे नाहीत, म्हणून दरखास्त चालू आहे. अशा माणसाला 'दरखास्त काढून घ्या' सांगणाऱ्याचा मला खरोखर राग आलाय. म्हणून आधी तोच मुद्दा.

भूसंपादनाच्या संदर्भ अर्जातला (वाढीव मावेज्यासाठी कोर्टाकडे गेलेल्या अर्जातला) निवाडा हा हुकूमनाम्यासारखाच, म्हणजे दिवाणी दाव्यातल्या निकालासारखाच असतो, आणि त्याची वसुली दरखास्तीतून होते. मुदत बारा वर्षं. मामांनी आज दरखास्त काढून घेतली, अवमान याचिका वर्ष-दीड वर्ष पडून राहिली आणि मग फेटाळली गेली, तर तोवर बारा वर्षं संपलेली असतील. म्हणजे हातातला निवाडा नुसता फ्रेम करून लावायचा! आणि ती फेटाळली जाण्याचीच शक्यता जास्त. कपिलदेव प्रसाद साह विरुद्ध बिहार सरकार या 1999 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने साफ सांगितलंय की हुकूमनाम्याच्या वसुलीला कायद्यात दुसरा मार्ग असेल तर अवमानाचा अधिकार त्यासाठी वापरायचा नाही. शिवाय हुकूम मोडला एवढंच पुरत नाही, तो जाणूनबुजून मोडला हे दाखवावं लागतं. 'शासनाकडून निधी आलेला नाही' हे सरकारी वकिलांचं पाठ झालेलं वाक्य तिथे बऱ्याचदा कामी येतं. दरखास्तीत ते चालत नाही. गेल्या वर्षी मामांच्या जप्ती वॉरंटावर बेलिफ कार्यालयात गेला. खुर्च्या चौदा, संगणक तीन, कपाट एक, अशी मोजणी सुरू झाली, तेव्हा कुठे साहेब दालनातून बाहेर आले आणि महिन्याची मुदत लेखी मागून घेतली. पैसे अजून यायचेत, पण तो कागद फाइलला आहे.

'आदेश कितीही जुना असो, अवमानाला मुदत नाही.' धादांत खोटं. न्यायालय अवमान अधिनियम 1971, कलम 20: अवमान घडल्यापासून एक वर्ष. मामांची मुदत, त्यांची नात शाळेत जायच्या आधीच संपली.

'कलेक्टर थेट जेलमध्ये.' दिवाणी अवमानाला जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. मनापासून माफी मागितली तर कोर्ट सोडूही शकतं, आणि बहुतेक प्रकरणं माफीवरच मिटतात.

'त्याच याचिकेत दर वाढवून मागा, जमीन परत मागा.' मूळ आदेशात जे नाही ते अवमानात मिळत नाही. 'नोटीस निघाली की प्रकल्पाचं काम बंद.' वेगळी स्थगिती असल्याशिवाय नाही. पुढे चला.

'चेक घेतला की हक्क संपला.' इथे मात्र नाइलाजाने अर्धं मान्य करतो. मुकाट्याने रक्कम उचलली तर वाढीव मावेज्याचा अर्ज करता येत नाही, हे 1894 च्या कायद्यातही होतं आणि 2013 च्या कायद्यातही आहे. पण त्यावरचा इलाज चेक नाकारणं हा नव्हे. पावतीवर 'हरकत राखून स्वीकारले' असं लिहा, सही करा, पैसे घ्या. संदर्भ अर्जाची मुदत पाळा म्हणजे झालं.

आता पुण्याचं उदाहरण सगळे तोंडावर मारतात. ऑगस्ट 2024 मध्ये पुण्यातल्या एका जमिनीच्या मोबदल्यावरून सर्वोच्च न्यायालयाने राज्य सरकारला 'लाडकी बहीण' योजना थांबवू, असं सुनावलं होतं. खरंय. वरिष्ठ सनदी अधिकाऱ्याला अवमानाची नोटीसही निघाली. पण ती पैसे थकले म्हणून नव्हे, प्रतिज्ञापत्रातल्या भाषेवरून. आणि ते प्रकरण 1963 च्या ताब्यापासूनचं, साठ वर्षं झिजलेलं. तीस दिवस म्हणे!

अवमान याचिका अगदीच निरुपयोगी नाही. उच्च न्यायालयाने रिटमध्ये, म्हणजे सरकारविरुद्ध थेट तिथेच केलेल्या याचिकेत, 'आठ आठवड्यांत रक्कम जमा करा' म्हटलंय, किंवा सरकारी वकिलाने कोर्टाला तशी हमी दिली आणि पाळली नाही, तर वर्षाच्या आत जरूर टाका. तेव्हा फाइल खरंच हलते. मामांकडे असा आदेश नाही.

मामांनी ऐकलं. आता सोमवारी वकिलांकडे जाऊन एवढंच विचारायचंय की व्याजाचा हिशेब आजपर्यंतचा लावलाय ना, कारण पहिल्या वर्षानंतर पंधरा टक्के लागतो आणि जुन्या दरखास्तींत तो तक्ता तसाच पडून राहतो. तो मजकूर मात्र मामांनी फोन करण्याआधीच आणखी तीन ग्रुपवर टाकला होता.