लॉगआउट करू नका, स्ट्रॉबेरी सुकेल

लॉगआउटचं बटण कुठे असतं हे तुम्हाला ठाऊक नसेल, तर आधी तुमचं अभिनंदन. फेसबुकवर ते तीन आडव्या रेघांच्या मागे, मेन्यूच्या पार तळाला असतं. तिथवर बोट सरकवत न्यायला सकाळी नऊ वाजता कासारवडवलीहून माजिवडा गाठणाऱ्याचा धीर लागतो. एवढ्या लांब जायचं कशाला? तुम्ही ठाणेकर असा नाहीतर नवी मुंबईकर, तुमचा अर्धा जन्म प्रवासातच जातो. निदान फोनमध्ये तरी आहात तिथेच राहा.

प्रत्येक घरात एक आगाऊ भाचा असतो. आमचा कोपरखैरण्याला असतो आणि आयटीत आहे. जेवायला आला की आमटी वाढून होईपर्यंत त्याचं सुरू होतं: "मामा, ते फेसबुकला जोडलेले गेम काढून टाका बरं." अजिबात काढू नका. जोडलेलं तोडायचं नसतं, हे आपले संस्कार. हे टिपण त्या संस्कारांच्या रक्षणासाठी.

आधी जोडणी कशी करावी ते पाहा. नवा खेळ उघडला की बहुतेक वेळा दोन वाटा दिसतात. एक फिकट, कोपऱ्यातली: पाहुणा म्हणून खेळा. दुसरी ठसठशीत निळी: फेसबुकने सुरू ठेवा. पाहुणा झालात तरी फासे तेच, सोंगट्या त्याच. पण आपण काय परके आहोत? लूडो किंग तर आपल्याच नवी मुंबईत तयार झालेला खेळ. 2020च्या टाळेबंदीत अख्ख्या देशाने त्यावर एकमेकांच्या सोंगट्या मारल्या, सासूने सुनेची आणि सुनेने सासूची. घरच्या खेळात पाहुणा होऊन बसणं बरं दिसेल का? निळं दाबा.

निळं दाबलं की एक पाटी येते. तुमचं नाव, फोटो, ईमेल, तोच खेळ खेळणाऱ्या मित्रांची यादी, यातलं काय काय खेळाला मिळणार ते तिथे लिहिलेलं असतं. बारीक अक्षरांत ते बदलण्याची सोयही असते; ईमेलवरची खूण काढता येते, मित्रांवरची काढता येते. सोंगटी चार घरं पुढे सरकवायला ईमेल कशाला लागतो, असा प्रश्न मनात आलाच तर तो तिथल्या तिथे दाबून टाका. पुढचा गडी खोळंबलाय.

सोसायटीच्या गेटवर मात्र कडक राहा. जेवणाचं पार्सल घेऊन आलेल्या पोराला थांबवा. नाव लिही, मोबाईल लिही, कुठून आलास, कुठल्या विंगला, गाडीचा नंबर, सही. लिफ्ट मेंबरांसाठी आहे, तू जिन्याने जा. वर आल्यावर सेफ्टी डोअरची साखळी न काढता फटीतून पिशवी ओढून घ्या. मग सोफ्यावर बसा आणि जन्मतारीख, मूळ गाव, नोकरी आणि बायकोच्या पन्नाशीचे फोटो अशा कंपनीच्या हवाली करा, जिचं ऑफिस कोणत्या देशात आहे हे विचारायचंही तुम्हाला सुचलेलं नाही. त्या पोराची माहिती वॉचमनच्या वहीत एका ओळीत मावली. तुमची त्या कंपनीच्या वहीत किती पानं भरलीत, हे विचारणं शिष्टाचाराला धरून नाही.

काही शंकासुर अजूनही 2018 सालचं, फेसबुकवरची माहिती केंब्रिज ॲनालिटिका या निवडणूक-सल्लागार कंपनीच्या हाती गेल्याचं प्रकरण उकरून काढतात. ती गोष्ट खरं तर मोठ्या मनाची आहे. अलेक्झांडर कोगन नावाच्या संशोधकाने फेसबुकवर व्यक्तिमत्त्व चाचणीचं एक ॲप ठेवलं होतं. ते घेतलं साधारण 2 लाख 70 हजार लोकांनी, आणि फेसबुकच्याच अंदाजाने माहिती गेली असावी 8 कोटी 70 लाखांपर्यंत लोकांची. कारण त्या काळी तुम्ही एखाद्या ॲपला हो म्हणालात की तुमच्या मित्रांचीही माहिती त्याला उचलता यायची. मित्रांना विचारायची पद्धत नव्हती. भारतात ते ॲप घेणारे होते 335 जण. झळ पोचली असू शकेल अशा भारतीयांचा फेसबुकने दिलेला आकडा आहे 5,62,455. म्हणजे माणशी दीड हजारांहून जास्त लोकांच्या वतीने प्रत्येकाने परस्पर होकार भरला. एकत्र कुटुंबपद्धती बुडाली म्हणून गळा काढणाऱ्यांनी हा हिशेब जरूर पाहावा.

पुढे 2019 साली अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने फेसबुकला 5 अब्ज डॉलरचा दंड केला. त्यातला छदामही त्या 335 जणांना भरावा लागला नाही, तेव्हा काळजी नसावी. मित्रांची माहिती नेण्याची ती वाट तर फेसबुकने 2015मध्येच बंद केली होती. एका परीने वाईटच झालं. आता ज्याची त्याला स्वतःच निळं बटण दाबून द्यावी लागते.

चाचण्या सोडू नका. 'शिवकाळात तुम्ही कोण असता?' ही चाचणी नौपाड्यातल्या आमच्या काकांनी दिली. निकाल आला: किल्लेदार. काकांनी तो चार ग्रुपवर पाठवला. किल्लेदाराने किल्ल्या कुणाच्या हाती दिल्या, हे कुणी विचारलं नाही. आणि त्या आठवणींच्या पोस्ट! 'तुमची पहिली शाळा कोणती? लहानपणी कुठल्या आळीत राहायचात? तलावपाळीवर पहिल्यांदा कुणाबरोबर गेलात?' खाली धो धो उत्तरं, वर्ग आणि तुकडीसकट. पासवर्ड विसरलेल्या माणसाला बऱ्याच ठिकाणी अगदी असेच प्रश्न विचारले जातात, हा निव्वळ योगायोग समजा.

आईचं माहेरचं आडनाव हा त्यातला सर्वांत जुना प्रश्न. ओळख पटवण्यासाठी तो ज्याने शोधून काढला, त्याने मराठी लग्नपत्रिका पाहिलेली नसणार. आपल्याकडे आईचं माहेर ही लपवायची बाब नाही, मिरवायची आहे. बोलणी करायला आलेले लोक चहा यायच्या आत ते विचारतात. पत्रिकेत मामांच्या नावासकट ते छापून येतं. आणि आत्या तर फेसबुकवर स्वतःच्या नावातच दोन्ही आडनावं लावते, शाळेतल्या मैत्रिणींना सापडावी म्हणून. मैत्रिणींना सापडते. इतरांनाही सापडते. यावर आमच्या भाच्याने सुचवलेला उपाय इतका अनैतिक आहे की सांगायची लाज वाटते. म्हणे, उत्तर खोटं द्यायचं. आडनावाच्या रकान्यात 'कोथिंबीर' लिहायचं आणि ते लक्षात ठेवायचं. अख्ख्या आजोळाची कोथिंबीर करणारी ही पिढी!

शेतीचंही सांगायला हवं. 2009 साली फार्मव्हिल आलं, तेव्हा ज्यांच्या वडिलोपार्जित जमिनीवर केव्हाच टॉवर उभे राहिले होते, तेही रात्री उठून फेसबुकवर नांगरट करत होते. स्ट्रॉबेरी चार तासांत तयार व्हायची आणि वेळेत काढली नाही तर सुकायची. लोक गजर लावून उठले, ऑफिसात मीटिंगमधून उठले, शेजाऱ्याच्या शेताला खत घालून आले. ऑनलाइन राहण्याचं महत्त्व त्या स्ट्रॉबेरीने आपल्याला जितकं शिकवलं, तितकं कुठल्याच कृषी अधिकाऱ्याने शिकवलं नसेल. 31 डिसेंबर 2020ला असे खेळ ब्राउझरमध्ये चालवणारं फ्लॅश हे सॉफ्टवेअर बंद झालं आणि त्याच दिवशी फेसबुकवरचं ते शिवारही मिटलं. मात्र त्याच्या आधीच, 2019च्या सप्टेंबरात, ते चालवणाऱ्या झिंगा कंपनीने आपल्या काही खेळाडूंची खाती चोरट्यांच्या हाती लागल्याचं कळवलं होतं. शेतकरी नव्हे, शब्दांचे आणि चित्रांचे खेळ खेळणारे. पुढे मोजदाद झाली तेव्हा त्या चोरीत 17 कोटींहून जास्त ईमेल पत्ते निघाले. तुम्ही खेळाला, ईमेलला आणि वीजबिलाच्या खात्याला एकच पासवर्ड ठेवला असेल तर उत्तम. लक्षात ठेवायचे कष्ट वाचतात, तुमचे आणि चोराचेही.

आता समजा, खेळाचा वीट आलाच. तर फोनवरच्या त्याच्या चित्रावर बोट दाबून धरा, अनइन्स्टॉल म्हणा आणि सुटलो बुवा, असा सुस्कारा सोडा. चित्र जातं, जोडणी जशीच्या तशी राहते. यातच सगळी खुबी आहे. फेसबुकच्या सेटिंग्जमध्ये 'ॲप्स आणि वेबसाइट्स' असं एक पान आहे, तिथे चुकूनही डोकावू नका. गेल्या कित्येक वर्षांत ज्या ज्या खेळाला आणि चाचणीला तुम्ही आत घेतलंत, त्यांची तिथे यादी असते आणि प्रत्येकापुढे काढून टाकायचं बटण. काढताना, त्या खेळाने तुमच्या नावाने केलेल्या पोस्टही पुसायच्या का, असं विचारतात. गूगलने लॉगिन केलं असेल तर गूगल खात्यातही अशीच यादी सापडते.

आणखी एक गोम आहे, ती तर मुळीच ध्यानात ठेवू नका. जोडणी काढली की यापुढची माहिती जाणं थांबतं. आधी नेलेली आपोआप परत येत नाही. ती पुसायची तर खेळाच्या आत शिरून तिथलं खातं डिलीट करावं लागतं, आणि तेही जोडणी तोडायच्या आधी, नाहीतर आत शिरायचं दारच उरत नाही. ॲपलने 30 जून 2022पासून ही सोय ॲपमध्येच देणं बंधनकारक केलं, गूगलनेही तसा नियम आणला. थोडक्यात भाचा सांगतो तो क्रम असा: पहिल्यांदा आतलं खातं मिटवायचं, मग जोडणी काढायची, शेवटी फोनवरचं चित्र. आपण शेवटचं पहिल्यांदा करायचं आणि बाकीचं उद्यावर टाकायचं.

जुना फोन बदलून नवा घ्यायचा असेल, तर स्टेशनजवळच्या दुकानात तो आहे तसा, लॉगिनसकट द्या. फेसबुकच्या पासवर्ड आणि सुरक्षिततेच्या पानावर आपण कुठकुठल्या फोनवर अजून आत आहोत ते दिसतं, एका झटक्यात सगळीकडून बाहेरही पडता येतं. पण आपला जुना फोन आज कळव्यात आहे की बेलापुरात, हे कळण्यातली गंमत घालवू नका. खेळताना कोण पाहू शकतं, ते 'फक्त मी' असं ठेवता येतं म्हणे. ठेवू नका. रबाळ्याच्या ऑफिसात तुम्ही सकाळी अकरा वाजता कितवी पातळी पार केलीत, हे साहेबांनाही कळू द्या. कौतुकच करतील.

घोडबंदरला गाडी अडकली की मागच्या सीटवरच्या नातवाच्या हाती आपला फोन द्यावा, हे तर सर्वमान्यच आहे. 2023चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा म्हणतो, 18 वर्षांखालच्या मुलाची माहिती वापरायला पालकांची पडताळता येईल अशी संमती हवी. आणि संमती देणं जितकं सोपं, तितकंच ती मागे घेणंही सोपं असावं. त्याचे नियम यायला 2025चा नोव्हेंबर उजाडला आणि मुख्य तरतुदी लागू व्हायला त्यानंतरही दीड वर्षाची मुदत ठेवली आहे. तोवर काय, पोरगं तुमच्याच खात्यावर, तुमच्याच जन्मतारखेने खेळतंय. कंपनीच्या लेखी तो 61 वर्षांचा निवृत्त अभियंता आहे, ज्याला डायनासोर आवडतात. अधूनमधून त्याला गुडघेदुखीच्या तेलाची जाहिरात दिसते, तेवढं चालायचंच.

कुणी ओळखीचं कळवळून लिहितं, 'चुकून तुमच्या नंबरवर सहा आकड्यांचा कोड आलाय, जरा पाठवता का?' तर लगेच पाठवा. अडलेल्याच्या मदतीला धावून जाणं आपल्या रक्तात आहे. तो तुमच्याच व्हॉट्सॲपचा कोड असतो आणि पाच मिनिटांनी तुम्हीच तुमच्या सगळ्या नातेवाइकांकडे हॉस्पिटलसाठी वीस हजार मागू लागता. कोण खरंच पाठवतं ते यानिमित्ताने कळतं. व्हॉट्सॲपला टू-स्टेप व्हेरिफिकेशनचा, म्हणजे कोडखेरीज आणखी एक, पिन लावून ठेवला, तर नात्यांची ही परीक्षा हुकते. आणि पैसे गेलेच तर 1930 या सायबर फसवणुकीच्या मदत क्रमांकावर ताबडतोब कळवायचं असतं. तुम्ही मात्र आधी ग्रुपवर चर्चा करा.

सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायमूर्तींनी 24 ऑगस्ट 2017 रोजी एकमताने सांगितलं, की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. त्या नऊ जणांना आमच्या कुटुंबाचा ग्रुप ठाऊक नव्हता. भाच्याने एका रविवारी सगळे खेळ काढले, मित्रयादी लपवली, प्रोफाइलला कुलूप लावलं. संध्याकाळपर्यंत तीन फोन आले. काका म्हणाले, "लपवण्यासारखं आहे काय तुझ्याकडे?" आत्याने परस्पर त्याच्या आईला विचारलं, "काही भानगड तर नाही ना? मुलगी जातीतली आहे का?" कळव्याच्या मावशीचं दुःख वेगळं होतं. कॅन्डी क्रशमध्ये तिची पाचही लाइफ संपली होती, एकेक भरायला अर्धा तास लागतो, आणि हक्काने मागावं असा एकुलता एक माणूस गायब झाला होता.

शेवटी तिच्याकडच्या हळदीकुंकवाला आईला सोडायला तो गेला, तेव्हा मावशीनेच त्याला धरलं. "हे बघ, ते तुझं काढणं-बिढणं माझ्याही फोनवर करून दे. पण माझी पातळी जाता कामा नये."

तो कोपऱ्यात फोन घेऊन बसला. हॉल बायकांनी भरलेला. "मावशी, पासवर्ड विचारतोय," तो हळूच म्हणाला.

मावशी तिळगुळाचं ताट घेऊन हॉलच्या त्या टोकाला होती. तिथूनच ओरडली, "अरे, आमचं माहेरचं आडनाव, आणि पुढे एक दोन तीन!"