ग्रीनस्टेडचं चर्च 845 चं नाहीये

इंग्लंडच्या एसेक्समधल्या ग्रीनस्टेड चर्चचा फोटो टाकून एक मेसेज फिरतोय, तुम्हालाही आला असेल. जगातली सगळ्यात जुनी लाकडी इमारत, सन 845 पासून जशीच्या तशी उभी, 1013 मध्ये सेंट एडमंडचं (नवव्या शतकात मारला गेलेला आणि पुढे संत मानला गेलेला इंग्लंडमधला राजा) शव ह्याच भिंतींच्या आत ठेवलं होतं, आणि भिंतीतलं छोटं भोक कुष्ठरोग्यांना बाहेरूनच आशीर्वाद द्यायला केलेलं. मला हे चर्च मनापासून आवडतं म्हणूनच एकेक मुद्दा घेते.

पहिलं म्हणजे 845. हे साल कुणी हवेतून काढलेलं नाही, आधीच्या एका तपासणीत तेच आलं होतं आणि मग तेच तोंडोतोंडी राहिलं, पण 1995 मध्ये भिंतीतल्या ओंडक्यांच्या वर्तुळांची परत तपासणी झाली. खोडात दर वर्षी एक वर्तुळ वाढतं, चांगल्या वर्षी जाड, वाईट वर्षी बारीक, आणि तो जाड-बारीक क्रम साल माहीत असलेल्या लाकडांशी जुळवला की आपल्या ओंडक्याचं वय कळतं. इथे शिल्लक राहिलेलं शेवटचं वर्तुळ 1053 चं निघालं. त्याच्या बाहेरचं, सालीलगतचं कोवळं लाकूड कधीच गेलंय, ओकमध्ये तिथे साधारण 10 ते 55 वर्तुळं असतात, म्हणजे झाडं तोडली 1063 ते 1108 च्या मध्ये कधीतरी. दोनशे वर्षांहून जास्त फरक आहे हा! आणि बरोबर ह्याच काळात 1066 येतं, उत्तर फ्रान्समधल्या नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकलं ते साल, त्यामुळे काम जुन्या सॅक्सन, म्हणजे त्यांच्या आधीच्या इंग्लंडमधल्या लोकांच्या, पद्धतीचं पण सुतार कदाचित नॉर्मन राजाच्या राज्यात वाकस चालवत होता, मला तर हे 845 पेक्षा जास्त भारी वाटतं.

आता 1013 चं आपोआपच सुटतं. तेव्हा ही झाडं जंगलात उभी होती. शव लंडनहून परत नेताना ह्या भागात थांबलं अशी परंपरा आहे, आणि चर्चच्या पूर्वेकडच्या भागाखाली आणखी जुन्या लाकडी बांधकामांच्या खुणाही सापडल्यात, तेव्हा जागा जुनी आहे, ह्या भिंती नाहीत.

जगातली सगळ्यात जुनी? जपानमधलं होर्यू-जी मंदिर बघा, कितीतरी आधीचं. पण युरोपातल्या लाकडी चर्चमध्ये ग्रीनस्टेडचा मान मोठाच आहे, नॉर्वेचं प्रसिद्ध उर्नेस साधारण 1130 चं.

कुष्ठरोग्यांचं भोक ही गोष्ट इंग्लंडमधल्या कितीतरी चर्चना चिकटवलेली आहे. त्या काळी कुष्ठरोग्यांसाठी वेगळी आश्रयस्थानं होती, कँटरबरीजवळ हार्बलडाउनला तर 1084 च्या सुमारालाच, आणि त्यांची प्रार्थनेची सोय तिथेच असायची. ग्रीनस्टेडचं भोक मूळ दरवाजाच्या अगदी जवळ येतं, त्यामुळे पवित्र पाण्याची जागा किंवा कोण येतंय ते बघायची खिडकी असणं जास्त पटतं.

राहिलं जशीच्या तशी. ओंडके उभे चिरून गोल बाजू बाहेर, सपाट बाजू आत, कडेला खाच पाडून मध्ये लाकडी पट्टी बसवलेली, हे सगळं खरंच मूळचं. पण पूर्वेकडचा विटांचा भाग 1500 च्या आसपासचा, छपरातल्या खिडक्याही नंतरच्या, आणि ओंडक्यांचे बुंधे कुजले होते म्हणून 1848 च्या दुरुस्तीत ते खालून कापून विटांच्या जोत्यावर बसवले. फोटो झूम करून भिंतीच्या तळाशी बघा, त्या विटा दिसतील.