रेजिनाल्ड रोज यांनी शेपूट घातली होती का?

नमस्कार,

अमेरिकन टीव्हीनाटककार आणि पटकथाकार रेजिनाल्ड रोज यांच्यावरच्या माझ्या लेखाला तुम्ही इतकं सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही सविस्तर देतो. तुमचे आक्षेप तीन आहेत. 'ट्वेल्व्ह अँग्री मेन' सोडलं तर या लेखकाच्या नावावर सांगण्यासारखं काही नाही. प्रायोजकांनी डोळे वटारताच त्यांनी काळ्या कुटुंबाच्या जागी तुरुंगातून सुटलेला गोरा माणूस घातला, म्हणजे शेपूट घातली. आणि उतारवयात ते 'द सी वुल्व्हज'सारखे गल्लाभरू युद्धपट लिहीत बसले. दुसरा आक्षेप मला सर्वांत जास्त लागला, म्हणून आधी तोच घेतो.

१९५१ साली शिकागोला लागून असलेल्या सिसेरो गावात एका काळ्या कुटुंबाने भाड्याने घर घेतलं आणि हजारो गोऱ्यांचा जमाव त्या इमारतीवर चालून गेला. अखेर नॅशनल गार्डचे सैनिक बोलवावे लागले. रोज यांना त्यावर टीव्हीनाटक लिहायचं होतं. 'स्टुडिओ वन' या सीबीएस वाहिनीच्या नाट्य-कार्यक्रमाची प्रायोजक कंपनी वेस्टिंगहाऊस, म्हणजे नाटकाच्या मधे फ्रीजच्या जाहिराती. वाहिनीने सांगितलं, कथा उत्तम आहे, पण कुटुंब काळं नको. दक्षिणेकडचे प्रेक्षक बिथरतील आणि मालावर बहिष्कार टाकतील. रोज यांनी जो ब्लेक हा सुटलेला कैदी घातला. इथपर्यंत तुमचं म्हणणं बरोबर आहे. पण पुढे त्यांनी काय केलं, ते तुमच्या प्रतिक्रियेत आलेलं नाही.

'थंडर ऑन सायकॅमोर स्ट्रीट' या १९५४ च्या त्या नाटकात एकसारखी दिसणारी तीन शेजारघरं आहेत आणि तीन अंकांत एकच संध्याकाळ आहे. पहिल्या घरात जमाव गोळा करणारा फ्रँक मॉरिसन. दुसऱ्यात आर्थर हेज. त्याला हे पटत नाही, पण चारचौघांत वेगळं पडायची भीती वाटते. तिसऱ्यात ज्याला हाकलायचंय तो. पहिले दोन अंक सगळे 'त्या माणसा'बद्दल बोलतात, पण त्याचा गुन्हा काय, हे कुणीच उच्चारत नाही. ही रिकामी जागा रोज यांनी मुद्दाम ठेवली. प्रेक्षक तोवर ती आपापल्या परीने भरत राहतो. १९५६ च्या आपल्या नाट्यसंग्रहात त्यांनी नोंदवलंय की, ज्यांच्याशी बोलणं झालं त्यांतल्या एकालाही तो माणूस खरोखर कैदी वाटला नव्हता. कुणाला तो काळा वाटला, कुणाला ज्यू, कुणाला पोर्तो रिकोचा, कुणाला माजी कम्युनिस्ट. कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून लोकांच्या मागे लागणाऱ्या सिनेटर मॅकार्थीच्या काळात हे घराघरांत थेट प्रक्षेपित झालं. नाटक परत घेतलं असतं तर रोज यांचा बाणा राहिला असता, पण हे लिखाण टेबलाच्या खणात पडलं असतं. एका काळ्या नटाला त्या घराच्या दारात उभं राहता आलं नाही, हे नुकसान मोठंच आहे. पण त्याचा जाब वाहिनीला आणि प्रायोजकाला विचारायला हवा.

आता 'एकाच कलाकृतीचा लेखक' या मुद्द्याकडे. आपल्यापैकी बहुतेकांना ती कथा 'एक रुका हुआ फैसला'मुळे माहीत झाली, त्यामुळे तुमचा असा समज होणं मी समजू शकतो. सदोष मनुष्यवधाच्या एका खटल्यात रोज स्वतः ज्यूरीवर, म्हणजे आरोपी दोषी की निर्दोष हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळावर, बसले होते. तिथल्या खोलीतली आठ तासांची वादावादी हे त्या नाटकाचं बीज. सप्टेंबर १९५४ मध्ये ते टीव्हीवर आलं, १९५७ मध्ये सिडनी ल्युमेट यांनी चित्रपट केला. पटकथेचं ऑस्कर मात्र 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय'ला गेलं. त्याचे खरे पटकथाकार कार्ल फोरमन आणि मायकेल विल्सन काळ्या यादीत, म्हणजे कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून काम नाकारलेल्यांच्या यादीत होते, म्हणून श्रेय मूळ कादंबरीकाराच्या नावावर लागलं. दशक कसं होतं, याची यावरून कल्पना यावी.

पण माझ्या मते रोज यांचं सर्वांत मोठं काम 'द डिफेंडर्स' आहे. १९६१ ते १९६५, वकील बापलेकांची मालिका, १३२ भाग. सगळे भाग त्यांनी लिहिले नाहीत, पण मालिका त्यांची आणि संहितांवर नजर त्यांची. १९६२ मध्ये तिच्यात गर्भपात करणाऱ्या डॉक्टरवर खटला दाखवला आणि तो डॉक्टर कायदाच बदला म्हणून ठामपणे बोलतो. गर्भपाताला मान्यता देणारा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यायला तेव्हा अकरा वर्षं होती. तिन्ही नेहमीच्या प्रायोजकांनी अंग काढून घेतलं. घड्याळाचे पट्टे बनवणारी एक कंपनी पुढे आली आणि भाग दाखवला गेला. १९६४ मध्ये याच मालिकेने काळ्या यादीवर भाग केला, तोही सीबीएसवर. दहा वर्षांपूर्वी ज्या वाहिनीने एक काळं कुटुंब नाकारलं, तीच ही वाहिनी. शेपूट घालणाऱ्याच्या हातून हे होत नाही.

'द सी वुल्व्हज'बद्दल वाद नाही. मार्च १९४३ मध्ये कलकत्त्याच्या मध्यमवयीन ब्रिटिश क्लबवाल्यांनी तटस्थ पोर्तुगीज हद्दीतल्या मुरगाव बंदरात शिरून 'एहरेनफेल्स' या जर्मन जहाजावर छापा घातला, त्यावरचा हा चित्रपट गोव्यातच चित्रित झाला. विषय जबरदस्त आहे, पण गोवा नुसता मागच्या पडद्यासारखा टांगलेला आणि गोवेकर तोंडी लावण्यापुरते. तुमची निराशा रास्त आहे.

फक्त कारकीर्द तिथे संपवू नका. १९८७ मध्ये, वयाच्या सहासष्टाव्या वर्षी, रोज यांनी टीव्हीसाठी 'एस्केप फ्रॉम सोबिबोर' लिहिलं. सोबिबोर ही नाझींची मृत्यूछावणी. त्यातला एक प्रसंग बघाच. पळताना सापडलेल्या कैद्यांना हुकूम होतो, प्रत्येकाने आपल्याबरोबर मरायला रांगेतला एकेक सोबती निवडावा. नाही निवडला तर आणखी पन्नास जण मरतील. त्यानंतर छावणीतल्या म्होरक्यांचं ठरतं की आता चारदोघांनी पळायचं नाही, निघायचं तर सहाशेच्या सहाशे जणांनी. एकट्याच्या सुटकेची किंमत कोण मोजतो, हा प्रश्न आर्थर हेजच्या घरात होता, तोच इथे आहे. उतारवयाचा हिशेब मांडायचा तर 'सी वुल्व्हज'च्या शेजारी हेही धरावं लागेल.