आयरिश मूकपट 'जळून गेले' म्हणणाऱ्या पोस्टला उत्तर

सध्या एक पोस्ट जिकडेतिकडे फिरतेय, की आयर्लंडमध्ये सिनेमा आणला कादंबरीकार जेम्स जॉयसने 1909 मध्ये, मग अमेरिकन लोकं आली आणि हिरव्या डोंगरांसमोर चार पिक्चर काढून गेली, आयरिश लोकांचं स्वतःचं जे थोडंफार होतं ते 1916 च्या इंग्रजांविरुद्धच्या उठावात जळालं आणि त्यामुळे मूकपटांचा इतिहास लिहायला काही उरलंच नाही. वाचून गप्प बसवलं नाही.

आधी जॉयस. डब्लिनच्या मेरी स्ट्रीटवर 20 डिसेंबर 1909 ला व्होल्टा थिएटर उघडलं, ते त्याने तेव्हा तो राहायचा त्या ट्रिएस्ट शहरातल्या (आता इटलीत) व्यापाऱ्यांना गळ घालून उभं केलं, इथवर बरोबर. पण थोड्याच दिवसांत तो परत गेला आणि पुढच्या वर्षी थिएटर विकलं गेलं. हलत्या चित्रांचा खेळ डब्लिनमध्ये 20 एप्रिल 1896 लाच झाला होता, डॅन लोरीच्या नाट्यगृहात, म्हणजे आपल्या मुंबईत वॉटसन हॉटेलात 7 जुलैला झाला त्याच्याही आधी.

अमेरिकन कंपनी म्हणजे कॅलेम. तिचा दिग्दर्शक सिडनी ओल्कॉट आणि नटी-लेखिका जीन गॉन्टिए 1910 मध्ये आले, पुढे केरी परगण्यातल्या बोफोर्ट गावात तळ ठोकला. डोंगर दिसतात हो, पण 'द लॅड फ्रॉम ओल्ड आयर्लंड' हा पोटासाठी अमेरिकेला गेलेल्या पोराचा पिक्चर आहे आणि 'रोरी ओ'मोर' तर सरळ इंग्रजांविरुद्धच्या बंडखोराचा, याला नुसता निसर्ग कसं म्हणायचं?

आता मला सगळ्यात जास्त खटकलेला मुद्दा, 1916 चा. फिल्म कंपनी ऑफ आयर्लंड मार्च 1916 मध्ये सुरू झाली, ऑफिस हेन्री स्ट्रीटवर, आणि पुढच्याच महिन्यात उठाव होऊन ते ऑफिस जळालं हे खरं, पण पोस्ट तिथेच थांबते! कंपनी थांबली नाही, ऑगस्टमध्ये त्यांचा पहिला पिक्चर थिएटरात लागला, 1918 मध्ये फ्रेड ओ'डोनोव्हनने 'नॉकनागो' केला ज्यात टिपररीतल्या कुळांना घराबाहेर काढलं जातं, आणि 1920 मध्ये जॉन मॅकडोनाचा 'विली रायली' आला. याच मॅकडोनाने 1919 मध्ये डॉलच्या, म्हणजे आयरिश बंडखोरांनी स्थापलेल्या संसदेच्या, कर्जरोख्यांसाठी एक छोटी फिल्म काढली, त्यात बंडखोरांचा नेता मायकेल कॉलिन्स स्वतः टेबलाशी बसून रोखे देताना दिसतो, आणि बंडखोरांचे सशस्त्र स्वयंसेवक थिएटरच्या प्रोजेक्टरच्या खोलीत घुसून ती लावायला लावायचे असं मॅकडोनानेच नंतर सांगितलंय. सिनेमाचा असा वापर करणाऱ्या लोकांना 'त्यांचं काही नव्हतं' म्हणताना जरा विचार करायला हवा.

राहिला 'काही उरलं नाही' हा मुद्दा. बरंच गेलं हे मान्य, पण सगळा दोष त्या आगीवर टाकता येत नाही, त्या काळची नायट्रेटची रिळं आपोआपही सडतात आणि बोलपट आल्यावर जुन्या प्रिंटला कोण विचारतं! तरी 'नॉकनागो' आणि 'विली रायली' आजही बघता येतात. 1926 चा 'आयरिश डेस्टिनी' हरवला असंच सगळे धरून चालले होते, त्याची प्रिंट 1991 मध्ये वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये निघाली, त्यात 1920 मध्ये इंग्रज फौजांनी कॉर्क शहर जाळलं त्या आगीचं खरं न्यूजरील आहे. आणि जिथे रीळ नाही तिथे पेपरातल्या जाहिराती आहेत, 1917 पासून निघालेलं 'आयरिश लाइमलाइट' मासिक आहे, सिनेमाचे इतिहासकार लिअम ओ'लिअरींनी आयुष्यभर जमवलेले कागद डब्लिनच्या नॅशनल लायब्ररीत आहेत. कुठला पिक्चर कुठल्या गावात कधी लागला हे लोकं त्यातूनच शोधून काढतात, आणि ते काम अजून चालूच आहे.