जरा तो टॉर्च बंद करा

आज सकाळपासून डोकं फिरलंय. भाषा तिखट झाली तर सांभाळून घ्या. नाही घेतलीत तरी चालेल.

शाळेच्या ग्रुपवर आमच्या एका मैत्रिणीने काल रात्री उशिरा एक ओळ टाकली. "झोप येत नाही गं, सगळा अंधार वाटतो." नवरा गेल्यापासून ती ग्रुपवर पहिल्यांदाच काही बोलली. (तिला विचारून लिहितेय, त्यामुळे 'खासगी गोष्ट चव्हाट्यावर कशाला' हे सुरू करू नका.) सकाळी उठून बघते तर त्या ओळीखाली उगवत्या सूर्यांची रांग. बोगद्याच्या टोकाचा उजेड, ढगांच्या सोनेरी कडा, तेवणाऱ्या ज्योती. 'प्रत्येक रात्रीनंतर पहाट होतेच.' 'तूच तुझा प्रकाश हो.' एका महाभागाने डोळा मारणारा हसरा सूर्य पाठवला. तिने खाली हात जोडल्याची खूण टाकली आणि गप्प झाली.

"जागी आहेस का अजून?" एवढं एकालाही विचारता आलं नाही. इतक्या सूर्यांत एकालाही!

हे वाचताना मला आमचे सर आठवले. मागे एकदा आम्ही काहीजण आकाशदर्शनाला गेलो होतो. दाखवायला एक निवृत्त शिक्षक होते, बारीक आवाजाचे, अजिबात घाई नसलेले. पोचल्या पोचल्या त्यांनी सगळ्यांचे फोन खिशात ठेवायला लावले आणि म्हणाले, अर्धा तास नुसते बसा. काही दिसत नव्हतं. शेजारी कोण बसलंय तेही कळत नव्हतं. लोक कुजबुजायला लागले, आता सुरू कधी करणार? सर म्हणाले, सुरू झालंय. तुमचे डोळे कामाला लागलेत.

ते अक्षरशः खरं होतं. आपल्या डोळ्याच्या पडद्यात दोन तऱ्हेच्या पेशी असतात. शंकूपेशी भरपूर उजेडात चालतात, रंग ओळखतात. दंडपेशी मंद उजेडासाठी असतात. त्यांच्यात ऱ्होडॉप्सिन नावाचं द्रव्य असतं, ते उजेडात विरतं आणि अंधारात हळूहळू परत तयार होतं. त्याला २० ते ३० मिनिटं तरी लागतात, पुरतं सरावायला त्याहूनही जास्त. म्हणजे अंधारात बघायची ताकद अंधारातच तयार होते. बाहेरून कुणी आणून देत नाही. आणि डोळ्यांवर एक झगझगीत झोत पडला, की सगळी कमाई सेकंदात पाण्यात. पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

त्या रात्री नेमकं तेच झालं. एक बाई अंधारात अडखळल्या आणि आमच्यातल्या एका उत्साही प्राण्याने मदत म्हणून फोनचा टॉर्च लावला, तोही थेट सगळ्यांच्या तोंडावर. सर्वांनी डोळ्यांवर हात घेतले. तेव्हा सरांचा आवाज पहिल्यांदा चढला. "अहो, मदतच करायचीय ना? मग त्यांना हात द्या! डोळ्यांत उजेड कशाला मारता?"

अरे, हेच तर म्हणायचंय मला! हात द्या. एवढं साधं आहे. पण हात द्यायचा तर जवळ जावं लागतं, वेळ मोडावा लागतो, कदाचित तिच्याबरोबर थोडं रडावं लागतं. त्यापेक्षा सूर्य पुढे ढकलणं सोपं. बोट टेकवलं, कर्तव्य संपलं, झोपायला मोकळे. वर ती गप्प झाली की 'बघ, बरं वाटलं तिला' म्हणायलाही मोकळे.

आणि ते 'तूच तुझा प्रकाश हो' तर मला डोळ्यांसमोर नको. ज्या बाईला सकाळी उठून दात घासायचं बळ गोळा करावं लागतंय, तिला तुम्ही सांगताय की आता वीजनिर्मितीही तूच कर. खंबीर हो, मन घट्ट कर, आतली शक्ती जागव. म्हणजे नाही जागली तर दोष परत तिचाच!

आतली ताकद नसते असं मी म्हणत नाही. असते. पण ती भिंतीवरच्या बटणासारखी नसते, दाबलं की लख्ख. अ जीवनसत्त्व कमी पडलं की रातांधळेपणा येतो, कारण ऱ्होडॉप्सिन त्याशिवाय बनतच नाही. शरीरालासुद्धा अंधारात बघायचं तर आधी पोटात काहीतरी जावं लागतं. मग मनाला नको? झोप हवी, दोन घास हवेत, न बोलता शेजारी बसणारं माणूस हवं, आणि महिनोन्‌महिने काहीच हललं नाही तर डॉक्टरही हवेत. हे काही न पुरवता 'चमक' म्हणायचं, याला काय अर्थ आहे?

आता कोणीतरी म्हणेल, उजेडाने मन खरंच सुधारतं. मान्य. दिवस लहान झाले की ज्यांना नैराश्य येतं, त्यांना रोज सकाळी १०,००० लक्सच्या (लक्स म्हणजे उजेड मोजायचं माप) दिव्यापाशी अर्धा तास बसवतात आणि बऱ्याच जणांना गुणही येतो. पण तिथेही मात्रा ठरलेली असते आणि दिव्याकडे थेट बघायचं नसतं. तो जरा बाजूला ठेवतात.

जाता जाता दुसरी एक गोष्ट, कारण तीही याच मुळाची आहे. ज्ञान म्हणजे प्रकाश आणि अज्ञान म्हणजे अंधार, हे आपण किती सहज बोलून जातो. लुई ब्रेल तीन वर्षांचा असताना वडिलांच्या कारखान्यात चामड्याला भोकं पाडायच्या आरीने त्याच्या डोळ्याला इजा झाली, संसर्ग दुसऱ्या डोळ्यात गेला आणि पाच वर्षांचा होईतो दोन्ही डोळे गेले. १८२४ साली, वयाच्या पंधराव्या वर्षी, त्याने अंधांना बोटांनी वाचता येणारी सहा ठिपक्यांची लिपी जवळजवळ पुरी केली. ते ठिपके उठवायला वापरली अणकुचीदार टोकाचीच वस्तू, त्या आरीचीच बहीण. या मुलाला कोणता प्रकाश दिसला होता म्हणता? त्याला बोटं दिसली, आपली स्वतःची! म्हणून 'अंधारातले बिचारे' वगैरे बोलताना जरा जपून.

असो. इथवर लिहिता लिहिता राग थोडा उतरलाय खरा. ग्रुपवरची माणसं वाईट नाहीत, मला माहीत आहे. मरणापुढे काय बोलावं ते कुणालाच शिकवलेलं नाही, मग हाताला लागेल ते माणूस पुढे करतं. त्यातल्या एकीने तर स्वतःच्या आजारपणात असल्याच सुविचारांवर दिवस काढले होते, तिला ते खरंच पुरले. ठीक आहे. पण आपल्याला पुरलं ते दुसऱ्याला पुरेलच असं नाही, इतकंही कळू नये?

त्या रात्री शेवटी सरांनी आम्हाला देवयानी दीर्घिका (अँड्रोमेडा, दूरवरचा ताऱ्यांचा अफाट समूह) दाखवली, नुसत्या डोळ्यांनी. धुरकट बोटभर डाग. तिचा उजेड निघून सुमारे २५ लाख वर्षं झालेली. मी टक लावून बघितलं की ती गायब व्हायची. सर म्हणाले, सरळ बघू नका, थोडं बाजूला बघा. नजरेच्या ऐन मध्यभागी दंडपेशी नसतातच, त्यामुळे फिकट गोष्टी कडेनेच दिसतात. बाजूला बघितलं, आणि आली की! हातातल्या यादीत काही बघायचं झालं तर सर स्वतःचा टॉर्च लावायचे, पण त्याला लाल जिलेटिन कागद गुंडाळलेला आणि तोंड जमिनीकडे. लाल उजेड दंडपेशींना जवळजवळ दिसतच नाही, म्हणून आमचे सरावलेले डोळे बिघडत नव्हते. उजेड त्यांच्याकडेही होता बरं का. पण कुणाला किती सोसेल याचा विचार करून लावलेला.

मी आज मैत्रिणीला फोन केला तेव्हा 'कशी आहेस' विचारलंच नाही. वर्गातल्या मागच्या बाकाच्या भानगडी काढल्या. ती हसली, मग रडली, मग आपणहून त्याच्याबद्दल बोलायला लागली. मी मध्ये मध्ये नुसतं हं म्हटलं.

उद्या दुपारी तिच्याकडे जातेय. विम्याचा दावा, बँकेतलं खातं, गाडी नावावर करणं, सगळं तसंच पडलंय. फॉर्म उघडला की त्याचं नाव दिसतं आणि ती मिटून ठेवते. वारसाचं नाव न लावलेल्या खात्याचं काय करायचं, कुठले कागद लागतात, हे ज्यांना स्वतः केल्यामुळे नीट माहीत आहे त्यांनी आज रात्रीपर्यंत इनबॉक्समध्ये या. 'अंदाजे माहीत आहे' वाले नकोत.