ऑर्डेटमधला तो आवाज

ऑर्डेट या डॅनिश पिक्चरचा विषय निघाला की सगळे त्याचा दिग्दर्शक कार्ल ड्रेयर याच्याबद्दल बोलतात, कॅमेऱ्याबद्दल बोलतात, पण त्यातला योहान्स ज्याने केला त्याचं नाव कुणाच्या तोंडी येत नाही आणि मला याचं मनापासून वाईट वाटतं. प्रेबेन लेर्डॉर्फ रूए. जन्म १९१७, गेला १९९५ ला.

पहिल्यांदा बघितला तेव्हा मला त्याचा आवाज सहनच झाला नव्हता. डेन्मार्कच्या जटलंडमधलं शेतकऱ्याचं घर, तीन भाऊ, त्यातला मधला हा योहान्स, किर्केगार्ड हा तत्त्वज्ञ वाचून वाचून डोक्यावर परिणाम झालेला, स्वतःला येशू समजणारा. बोलतो तो पातळ आवाजात, एकाच सुरात, कुणाच्या डोळ्यात न बघता, समोर माणसं नाहीतच असं. मला वाटलं हा काय अभिनय झाला? दुसऱ्यांदा बघताना कळलं. शेवटाकडे तो घरी परत येतो तेव्हा नजर निवळलेली असते आणि आवाज चारचौघांसारखा साधा झालेला असतो. बापाला हाक मारतो फक्त. इतका वेळ तो आवाज कानाला टोचलेला असतो म्हणूनच त्या एका हाकेने अंगावर काटा येतो. पुढचं सांगत नाही, ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी, पण पुढे जे घडतं त्यावर विश्वास बसतो तो या बदललेल्या आवाजामुळे, कॅमेऱ्यामुळे नाही, हे माझं ठाम मत आहे. १९५५ ला व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलमध्ये गोल्डन लायन, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळालं या पिक्चरला.

आणि हाच माणूस १२ वर्षं आधी, १९४३ ला, डेन्मार्क जर्मनांच्या ताब्यात असताना, ड्रेयरच्याच डे ऑफ रॅथमध्ये मार्टिन होता. १६२३ सालची गोष्ट, बायकांना चेटकीण ठरवून जाळायचे तो काळ. हा पाद्र्याचा मुलगा, तरुण सावत्र आईच्या प्रेमात पडतो आणि नेमक्या वेळी तिला सोडून आजीच्या बाजूला जाऊन उभा राहतो. काय राग येतो त्याचा! आरडाओरडा काही नाही, नुसता तिच्यापासून लांब होतो. भित्रा माणूस इतका खरा मी क्वचित बघितलाय.

नंतर छोटे रोल. पण लार्स फॉन ट्रियर या डॅनिश दिग्दर्शकाने १९८४ ला पहिला मोठा पिक्चर केला, एलिमेंट ऑफ क्राइम, त्यात त्याला घेतलं, आणि १९८८ ला टीव्हीसाठी मेडिया केला त्यातही घेतलं. मेडियाची पटकथा मुळात ड्रेयरची, १९६८ ला ड्रेयर गेला तोवर शूट न झालेली. म्हणजे ड्रेयरच्या कागदावरच्या पिक्चरमध्येही शेवटी हा पोचलाच.

ऑस्कर मिळालेला बाबेट्स फीस्ट बऱ्याच जणांनी बघितला असेल, १९८७ चा. त्यातला म्हातारा कॅप्टन म्हणजे हाच. परत लागला की जेवणाच्या सीनमध्ये फक्त ताटांकडे बघू नका, माणसांकडे बघा. डे ऑफ रॅथमध्ये त्याने जिला सोडलं ती लिस्बेथ मोविन तिथे आहे, ऑर्डेटमधली त्याची वहिनी बिर्गिटे फेडरस्पीलही आहे. सगळे म्हातारे झालेत, आणि एकाच टेबलावर जेवतायत.