'ऑलिव्हिया' पाहताना हसणाऱ्यांसाठी

आज संध्याकाळी एका फिल्म क्लबात जॅकलिन ओद्री यांचा 1951 सालचा 'ऑलिव्हिया' हा फ्रेंच चित्रपट दाखवला गेला. प्रस्तावना करणाऱ्या गृहस्थांनी 'त्या काळाच्या मानाने फारच बोल्ड' अशी त्याची ओळख करून दिली आणि अर्धे सभागृह काहीतरी चावट पाहायला मिळणार या अपेक्षेने सरसावून बसले. वसतिशाळेतली शिक्षिका मादमुआझेल ज्यूली मुलींना फ्रेंच नाटककार रासीन वाचून दाखवते आणि तिथे नव्याने आलेली इंग्रज मुलगी भान हरपून तिच्याकडे पाहत राहते, नेमक्या त्या प्रसंगी मागच्या रांगांतून खिदळण्याचा आवाज आला. माझा संताप अजून उतरलेला नाही.

नववीत आम्हाला मराठी शिकवणाऱ्या बाई अभंग वाचू लागल्या की वर्गातला पंखासुद्धा ऐकू येत नसे. त्यांना आवडावे एवढ्यासाठी मी पानेच्या पाने पाठ केली आणि त्या रजेवर असल्या की शाळा मला ओसाड वाटे. घरातले हसत आणि 'हे वयच तसले' म्हणून विषय संपवीत. तेच हसू मी आज पुन्हा ऐकले.

या चित्रपटाची मूळ कादंबरी डोरोथी ब्युसी यांनी फोंतेनब्लोजवळच्या, मारी सूव्हेस्त्र यांच्या शाळेतल्या स्वतःच्या आठवणींवर बेतली होती. 1949 मध्ये ती टोपणनावाने प्रसिद्ध झाली, तेव्हा लेखिकेने वयाची ऐंशी वर्षे ओलांडली होती. एवढ्या आयुष्यानंतरही जे विसरता येत नाही, त्याला वयाचा खुळेपणा म्हणण्याचा अधिकार कुणाला आहे? बाईंचा आवाज मला आजही ओळीओळीने आठवतो, आणि मी आयुष्यभर वाचत राहिले ते त्या आवाजामुळेच.

ज्यूली लाडक्या मुलींना जवळ करते आणि इतरांना झुरत ठेवते, हे शिक्षिकेला शोभणारे नाही, एवढे मला मान्य करावे लागेल. आमच्या बाईंनी ते अंतर कधीच ओलांडले नाही. मी पाठ केलेले म्हणून दाखवले की त्या पुढचे पुस्तक हातात ठेवीत, इतकेच. पण ओद्रीसुद्धा ज्यूलीला सोडत नाहीत. आजारपणाच्या आडून सर्वांना वेठीस धरणारी ज्यूलीची सहकारी कारा, दोन गटांत फुटलेली शाळा, काराचा मृत्यू आणि शेवटी ज्यूलीचे निघून जाणे, ही सारी किंमत त्या पडद्यावर मांडतात. ज्यूली साकारणाऱ्या एडविज फ्योइयेर यांच्या चेहऱ्यावर मोह आणि संयम एकाच वेळी दिसतात, आणि ते पाहताना मला तरी हसू आले नाही.

अमेरिकेत हाच चित्रपट 'द पिट ऑफ लोनलिनेस' अशा सनसनाटी नावाने विकला गेला. व्यापाऱ्यांकडून मी दुसरी अपेक्षा करीत नाही. पण चित्रपटावर प्रेम करतो म्हणवणाऱ्यांनीही तेच करावे? बहीण कोलेत ओद्री हिच्या पटकथेवर एका दिग्दर्शिकेने पुरुषांचा वावर जवळजवळ नसलेले हे जग इतक्या गांभीर्याने उभे केले आणि प्रस्तावनेत तिच्याविषयी एक वाक्यही आले नाही. युद्धोत्तर फ्रान्समध्ये सातत्याने चित्रपट करणाऱ्या मोजक्या स्त्रियांपैकी ओद्री एक होत्या. पुढे तरुण दिग्दर्शकांच्या फ्रेंच 'नव्या लाटे'च्या कौतुकात त्यांचे नाव मागे पडले. त्यांचा 'जीजी' आणि सार्त्रच्या नाटकावरचा 'वी क्लो' हे दोन्ही चित्रपट दाखवावेत, असे पत्र मी उद्याच क्लबाला देणार आहे, आणि त्यांची प्रस्तावना मी स्वतः करीन असेही त्यात लिहिणार आहे.